१११ मीटर तार आणि परत येणारं मागणीपत्र

बीएस्सीच्या शेवटच्या वर्षाला प्रोजेक्टसाठी सोलेनॉइड केलं, म्हणजे पाइपवर तार गुंडाळून केलेलं विद्युतचुंबक. मधोमध १०० गॉस, म्हणजे ०.०१ टेस्ला चुंबकीय क्षेत्र हवं होतं. गणित एका संध्याकाळी झालं. तार हातात यायला मात्र गणपती होऊन गेले, त्याचा राग अजून गेलेला नाही.

गणित असं: ४० मिमी व्यासाचा पीव्हीसी पाइप, गुंडाळीची लांबी २० सेंमी, धारा २ अँपिअर. क्षेत्राला लांबीने गुणायचं, मग धारा आणि १२.५७ गुणिले १० चा उणे सातवा घात (हा चुंबकीय स्थिरांक) यांच्या गुणाकाराने भागायचं. ७९६ येतात, मी ८०० वेढे धरले. २० गेजची (गेज म्हणजे जाडीचा क्रमांक) तार ०.९१४ मिमी, एनॅमलसकट, म्हणजे वरच्या विद्युतरोधक लेपासकट, साधारण १ मिमी. म्हणजे एका थरात २०० वेढे आणि बरोबर चार थर. थर चढतात तसा वेढा मोठा होतो, म्हणून सरासरी व्यास ४० नाही, ४४ मिमी धरायचा. एक वेढा १३८ मिमी, एकूण तार १११ मीटर.

मागणीपत्रात मी १११ मीटर लिहिलं. कोटेशनं तीन लागतात. रत्नागिरीत पंपाच्या मोटारी रिवाइंड करणाऱ्या काकांकडे गेलो, तर ते म्हणाले, "बाळा, वाइंडिंगची तार मीटरवर कोण देतो? किलोत सांग." बाकीच्या दोघांनीही दर किलोचाच लिहून दिला. कॉलेजच्या कार्यालयातून कागद परत आला: मागणी आणि दरपत्रक यांचं एकक जुळत नाही.

किलोत लिहून पुन्हा दिलं. पुन्हा परत: वजन कशावरून काढलं? खुलासा जोडला, तर त्यावर विभागप्रमुखांची सही नाही. सर परीक्षेच्या कामात होते. ते भेटले तोवर गणपती आले, आणि आपल्याकडे गणपतीत कुठलं कार्यालय हलतं? या सगळ्या हरकती पहिल्याच दिवशी एका कागदावर लिहून देता आल्या असत्या. कुणीच दिल्या नाहीत. प्रत्येक वेळी एकच हरकत आणि पुन्हा रांग. वर कार्यालयातल्या भाऊसाहेबांनी सुचवलं, "२६ गेज घे ना, कमी वजनात जास्त तार येते, खर्च वाचेल." त्या तारेचा व्यास निम्मा, म्हणून मीटरमागे रोध चौपट. माझ्या गुंडाळीचा रोध २.९ ओहम, २ अँपिअरला उष्णता १२ वॉटच्या आत. बारीक तारेत तेवढ्याच वेढ्यांना ती ४० वॉटच्या वर गेली असती. हेही खुलाशात लिहावं लागलं.

वजनाचं सूत्र पाठच करा: तांब्याच्या तारेचा मिलिमीटरमधला व्यास, त्याचा वर्ग, गुणिले ७, म्हणजे मीटरमागे ग्रॅम. त्याला १११ मीटरने गुणून माझे साधारण ६५० ग्रॅम आले. टोकं आणि तुटफूट धरून ७०० मागा, आणि तोलताना रिळाचं वजन वजा करायला सांगा. मागणीपत्रात मीटर आणि किलो दोन्ही लिहा, हिशेबाचा कागद सहीसकट पहिल्यांदाच जोडा, आणि काय काय लागतं ते लेखी मागा. गणपतीच्या आधी महिनाभर तरी कागद आत गेला पाहिजे.

एक राहिलं. वेढे काढायचं ते सूत्र अनंत लांबीच्या सोलेनॉइडचं आहे. २० सेंमी लांबी आणि ४४ मिमी व्यासाला मध्यावर ९७.७ टक्केच क्षेत्र मिळतं, म्हणून धारा २.०५ अँपिअर ठेवली. पॉवर सप्लाय स्थिर धारेवर लावा. स्थिर व्होल्टेजवर तार तापली की रोध वाढतो आणि क्षेत्र उतरत जातं.

मध्यावर गॉसमीटरने ९९ दाखवले. तो आकडा मी सरांना दोनदा दाखवला. टोकांवरचं एनॅमल मात्र पॉलिश पेपरने तांबं चकाकेपर्यंत घासा, नाहीतर सगळं जोडूनही मीटर शून्यावरच राहतो.