स्लोडाइव्ह, क्रमाने: मुक्काम 'पिग्मॅलियन'

स्लोडाइव्ह या ब्रिटिश बँडचे अल्बम निघाले त्याच क्रमाने घ्यायचे, प्रत्येकातली एकदोन गाणी गिटारवर बसवायची आणि मगच पुढे सरकायचं, हा नेम अजून टिकून आहे. 'जस्ट फॉर अ डे' (१९९१) भराभर झाला. रेडिंगच्या कोवळ्या पोरांचं काम; गोड आहे, पण सगळं एकाच रंगाचं.

'सुव्लाकी'ने (१९९३) मात्र घाम काढला. 'व्हेन द सन हिट्स'चे कॉर्ड सोपे, अवघड आहे ते धुकं. नील हॅलस्टेड आणि ख्रिश्चन सॅव्हिल यांच्या गिटारी इतक्या मिसळतात की कोण काय वाजवतंय ते सुटं करता येत नाही. त्यांच्या यामाहा एफएक्स ५०० या इफेक्ट-यंत्रातला 'सॉफ्ट फोकस' प्रीसेट (आयती जुळणी) आपल्या शूगेझ पंथात, म्हणजे गिटारच्या असल्या धुक्यात रमणाऱ्यांत, पूजेला लावतात. ते यंत्र इंदुरात कुठून आणायचं? जेल रोडवर मोबाइलचे सुटे भाग हवे तेवढे मिळतील, हे नाही. तेव्हा साध्या पेडलांवर भागवलं: एरवी शेवटी लावतात तो रिव्हर्ब (घुमारा देणारा) आधी आणि फझ (आवाज खरखरीत करणारा) त्याच्यामागे. मग फझ नुसत्या स्वराला नाही, त्याच्या रेंगाळत्या शेपटीलाही धरतो आणि भिंत उभी राहते. रिव्हर्बचा मिक्स (प्रमाण) निम्म्याच्या वर, फझचा गेन (जोर) जेमतेम, गिटारचा टोन अर्ध्यावर. गेन जरा वाढला की शेजारच्या काकू गॅलरीतून विचारतात, "काय रे, मिक्सर बिघडलाय का तुमचा?"

आणि आता 'पिग्मॅलियन' (१९९५). ब्रिटपॉपच्या चटकदार गाण्यांचा जोर, त्यांच्याच क्रिएशन रेकॉर्ड्स कंपनीकडे ओएसिससारखा बँड, आणि हॅलस्टेड ड्रम जवळपास काढून टाकून लूप (फिरून फिरून वाजणारे तुकडे) आणि रिकाम्या जागांवर अल्बम रचतोय! निघाल्यावर थोड्याच दिवसांत कंपनीने बँडला नारळ दिला. माझ्या मते त्यांचं सर्वांत धीट काम हेच. 'रुट्टी' दहाएक मिनिटं चालतं. गिटार चार स्वर टाकून गप्प बसते. हात शिवशिवतात, मध्ये काहीतरी भरावंसं वाटतं. खरं तर इंदूरकराला या संथपणाचं भय वाटायला नको. आपल्या इंदूरच्या अमीर खाँसाहेबांचा झूमरा तालातला विलंबित ख्याल ऐकलेल्या कानांना समेची वाट बघायची सवय असते. सध्या रियाज एवढाच: स्वर सोडायचा, डिलेचा शेवटचा पडसाद विरेपर्यंत तारेला हात लावायचा नाही.

हॅलस्टेडच्या पुढच्या बँडचा, मोजेव्ह ३ चा काळ मी ओलांडून जाणार. छान आहे, पण तिथे पेडलांना काम नाही. थेट २०१४ चं पुनरागमन आणि २०१७ चा 'स्लोडाइव्ह'. २२ वर्षांनी आलेल्या या अल्बममधलं 'शुगर फॉर द पिल' ऐकताना आता कळतंय, चाल 'सुव्लाकी'च्या घरातली असली तरी तिच्याभोवतीची मोकळी जागा 'पिग्मॅलियन'ची आहे. ज्या अल्बमपायी हाकललं, त्याचीच कमाई पुढे कामी आली.

पुढच्या खेपेला तेच गाणं. बेसला मित्र तयार आहे. ड्रमवाला मात्र लग्नसराई संपेपर्यंत हाती लागायचा नाही.