ग्रेसी अ‍ॅलनच्या फाइल्स, तिसरा अपडेट: १८६ पैकी ११२ झाल्या

मागचा अपडेट टाकून अडीच महिने झाले. तेव्हा ७० वर होते, आज ११२ वर आहे. खरं तर आकडा याच्या बराच पुढे असता, पण ४१ फाइल्स परत पहिल्यापासून कराव्या लागल्या, त्याचं कारण खाली सांगते.

नवीन आलेल्यांसाठी थोडक्यात. ग्रेसी अ‍ॅलन आणि जॉर्ज बर्न्स ही नवराबायकोची विनोदी जोडी १९३२ पासून १९५० पर्यंत अमेरिकन रेडिओवर होती, मग टीव्हीवर गेली. त्यांचे जे रेडिओ एपिसोड मिळतील ते जमवायचे, स्पीड नीट करायचा, तारखा तपासायच्या आणि प्रत्येकात कोण कोण बोलतंय ते वहीत लिहायचं, एवढंच माझं काम.

आधी स्पीडबद्दल, कारण या वेळी सगळ्यात जास्त वेळ तिथेच गेला. हे कार्यक्रम १६ इंची डिस्कवर रेकॉर्ड व्हायचे, एका बाजूला साधारण पंधरा मिनिटं, म्हणजे अर्ध्या तासाला दोन बाजू. पुढे त्यांच्या टेप झाल्या, टेपच्या टेप झाल्या, आणि कुठल्या तरी पायरीवर मशीन फास्ट चाललं की सगळा एपिसोड वरच्या पट्टीत जातो. गंमत अशी की ग्रेसीचा आवाज मुळातच बारीक आणि उंच, त्यामुळे तिच्या आवाजावरून फाइल फास्ट आहे हे कळतच नाही, जॉर्जकडे कान लावावा लागतो, तो एकदम कॉलेजातल्या पोरासारखा वाटायला लागला की समजायचं. पण कानावर किती विश्वास ठेवणार, म्हणून आता मी विजेची घरघर बघते. आपल्याकडे वीज ५० हर्ट्झची, तिकडे ६० ची, आणि जुन्या रेकॉर्डिंगमध्ये ती घरघर बारीक का होईना उतरलेली असते. एका फाइलमध्ये ती ६२.४ वर दिसली, म्हणजे बरोबर चार टक्के फास्ट. फाइल होती २८ मिनिटं २२ सेकंदांची, दुरुस्त केल्यावर २९ मिनिटं ३० सेकंद झाली, आणि त्या काळी नेटवर्कवरचा अर्ध्या तासाचा कार्यक्रम साधारण तेवढाच असायचा. त्या रात्री मला झोपच लागली नाही इतका आनंद झाला! पण एक सांगते, घरघर नंतरच्या कॉपीतही शिरलेली असू शकते, म्हणून सुरुवातीची ट्यून दुसऱ्या चांगल्या एपिसोडशी जुळवून बघाच.

आता त्या ४१ फाइल्स. मी नॉइज रिडक्शन जोरात लावलं होतं. खरखर गेली, छान स्वच्छ वाटलं, आणि मग सलग चार एपिसोड ऐकताना लक्षात आलं की मला हसूच येत नाहीये. तेच विनोद, तोच आवाज, पण मजा गेली. मूळ फाइल शेजारी लावून बघितली तेव्हा कळलं, सॉफ्टवेअरने खरखरीबरोबर हॉलमधल्या लोकांची चुळबूळ, हसण्याआधीचा तो एक श्वास, ग्रेसीचा स्वतःचा श्वास, सगळं खाल्लं होतं. तिची वाक्यं नुसती पोकळीत लटकत होती. मग सगळं परत केलं, या वेळी अगदी हलक्या हाताने, खरखर राहिली तर राहू दे.

त्यामुळे एक फायदा झाला, तिचं टायमिंग मी अक्षरशः वेव्हफॉर्मवर, म्हणजे स्क्रीनवरच्या आवाजाच्या आलेखावर, बघितलं. जॉर्ज प्रश्न विचारतो आणि ती जवळजवळ लगेच उत्तर देते, मध्ये ‘आता विनोद येतोय’ अशी जागाच नाही. एखादी बाई दुकानात भाव सांगावा तसं सांगते. मग लोक अर्धा सेकंद गप्प, मग हशा, आणि हशा उतरायला लागला, पूर्ण संपायच्या आत, जॉर्ज तिचंच वाक्य प्रश्न करून परत विचारतो. लोक म्हणतात तो नुसता सिगार घेऊन उभा असायचा, मला हे अजिबात पटत नाही. लोकांना नीट ऐकू यावं आणि तिला पुढचं बोलायला जागा मिळावी हे तोच बघत असतो.

ही पद्धत त्यांना सापडली ती व्हॉडव्हिलच्या, म्हणजे नाच-गाणी-विनोदांच्या रंगमंचीय कार्यक्रमांच्या दिवसांत, १९२० च्या दशकाच्या सुरुवातीला, न्यूजर्सीतल्या न्यूअर्कमध्ये. तेव्हा सगळे विनोद जॉर्जकडे होते, ग्रेसी फक्त सरळ प्रश्न विचारायची. लोक तिच्या प्रश्नांना हसले आणि त्याच्या विनोदांना नाही. त्याने वाक्यांची अदलाबदल केली. किती कलाकार असं करतील? स्वतःच्या हातातला हशा दुसऱ्याला देऊन टाकायचा! १९२६ च्या ७ जानेवारीला दोघांनी लग्न केलं.

आईला मी अधूनमधून एखादा एपिसोड मराठीत सांगत ऐकवते. ग्रेसीचा एक गाजलेला विनोद आहे, बहिणीला बाळ झालंय, मुलगा की मुलगी ते माहीत नाही, त्यामुळे आपण नक्की कोण झालो तेच तिला कळत नाहीये. मराठीत तो ‘मी मावशी झाले की मामा’ असा होतो आणि मला तर तो मराठीत जास्तच आवडतो, कारण आपल्याकडे नातं अगदी नेमकं आहे. आई इतकी हसली, मग म्हणाली, अगं ही आपल्या रेडिओवरच्या मीनावहिनींसारखी बोलते, किती सरळ. नीलम प्रभूंच्या मीनावहिनी तिच्या कानात अजून आहेत. दोन्ही पात्रं तशी अगदी वेगळी, पण सरळपणाबद्दल आई बरोबर बोलली असं मला वाटतं.

१९४० चे जे एपिसोड हाताशी आहेत ते मी मुद्दाम मागे ठेवले होते, आता सुरू केलेत. त्या वर्षी ग्रेसी राष्ट्राध्यक्षपदाला ‘उभी’ राहिली, सरप्राइज पार्टीतर्फे, निशाणी कांगारू, आणि मे महिन्यात नेब्रास्कातल्या ओमाहा इथे खरंखुरं अधिवेशनसुद्धा झालं, रेल्वेने जाऊन. न्यूट्रॅलिटी बिलाबद्दल, म्हणजे युद्धात तटस्थ राहण्याच्या कायद्याबद्दल, तिचं म्हणणं असं की देणं असेल तर देऊन टाकूया. हा विनोद भाषांतर करावाच लागत नाही, आपल्याकडेही बिल म्हणजे दोन्ही. त्याआधी १९३३ मध्ये हरवलेल्या भावाचा लुटुपुटीचा शोध झाला होता, ती दुसऱ्यांच्या कार्यक्रमात अचानक शिरून माझा भाऊ दिसला का विचारायची, आणि तिकडे सॅन फ्रान्सिस्कोत तिचा खरा भाऊ, साधा अकाउंटंट माणूस, पत्रकारांमुळे हैराण. त्या माणसाबद्दल मला अजून वाईट वाटतं.

वहीत सगळ्यात जास्त खुणा १९४२ नंतरच्या एपिसोडवर आहेत. तोपर्यंत रेडिओवर ते प्रेमात पडू पाहणारी जोडी होते, खऱ्या आयुष्यात लग्नाला सोळा वर्षं झालेली, दोन मुलं दत्तक घेतलेली, आणि श्रोते कमी होत चाललेले. जॉर्जला कळलं की विनोद आपल्या वयाला लहान पडतायत. मग ते रेडिओवरही नवराबायको झाले, घर आलं, शेजारी आले, निवेदक बिल गुडविन साबणाची आणि पुढे कॉफीची जाहिरात गोष्टीतच घुसवायला लागला, आणि आवाजाचा कलाकार मेल ब्लँक याचा पोस्टमन आला जो रडवेल्या आवाजात सगळ्यांना हसत राहा सांगतो. पोस्टमन असलेले एपिसोड मी हिरव्या शाईने लिहिते.

सिनेमांचं काम वेगळं आहे, त्यात मी फार शिरत नाही. पण १९३७ चा ‘अ डॅमझेल इन डिस्ट्रेस’ एकदा बघाच, फ्रेड अस्टेअरबरोबर ती जत्रेतल्या फन हाउसमध्ये नाचते, फिरत्या जमिनीवर, वेड्यावाकड्या आरशांसमोर, आणि कुठेही मागे पडत नाही. लहानपणापासून बहिणींबरोबर आयरिश नाच केलेली बाई ती. त्या नृत्यासाठी नृत्यदिग्दर्शक हर्मीस पॅनला ऑस्कर मिळालं. तिच्या बाह्या बघा, कायम लांब, लहानपणी हात भाजला होता त्याचा व्रण झाकायला.

उरलेल्या ७४ मध्ये बऱ्याच फाइल्स सैनिकांसाठीच्या रेडिओच्या आहेत, त्यात जाहिराती कापलेल्या, त्यामुळे बिल गुडविन मध्येच गायब होतो आणि तारीख ओळखायला साबण की कॉफी हा आधारही राहत नाही. सध्या ११३ नंबरवर अडकलेय. डिस्कची बाजू बदलते तिथे अंदाजे दहा सेकंद गेलेत, आणि बरोबर तिथेच ग्रेसी काहीतरी बोलली असणार कारण नंतर हॉल हसतोय. कोणाकडे पोस्टमनच्या वाढदिवसाचा एपिसोड दुसऱ्या कॉपीत असेल तर मधली पाच मिनिटं ऐकून सांगा, ती काय म्हणाली ते.