दिवा लाल असला तर हाक मारू नको, माय

गेममध्ये बाँब लागलेला. आमच्यातले दोघंच उरलेले. मी भिंतीला पाठ लावून पलीकडच्या पावलांचा कानोसा घेतोय, आणि हेडफोनच्या आरपार आवाज आला, "ऊठ रे, जेवाले ये! भाकर थंडी व्हई ऱ्हायनी!"

मी नुसतं "आलो" म्हणालो. माइक चालू होता. टीममधला एक जण पुण्याचा निघाला. पुढचे चार राउंड तो मला "आलो भाऊ" म्हणून हाका मारत होता. राउंड गेला तो गेलाच, आणि कळण्याची भाकर खरोखरच थंड झालेली होती. पऱ्हाट्यांवर भाजलेल्या वांग्यांचं भरीत आणि थंड भाकर, म्हणजे पुढे काय काय ऐकावं लागलं असेल ते खान्देशातल्या माणसाला सांगायची गरज नाही.

मी अमळनेरचा. दिवसा एका कृषी सेवा केंद्रात बिलं फाडतो, रात्री काउंटर-स्ट्राइक २ ही ऑनलाइन गोळीबाराची गेम खेळतो. मायचं म्हणणं एकच, "थांबाड ना ते जरासं." ऑनलाइन सामना थांबत नाही हे तिला तीन वर्षं समजावतोय. तिचाही मुद्दा बिनतोड आहे: तू केव्हा मोकळा असतो ते मला बाहेरून कसं कळणार?

हा प्रश्न डोक्यात शिरला तेव्हा मी भलत्याच गोष्टीच्या मागे होतो. मला कीबोर्ड चमकवायचा होता. व्हिडिओत बघितलं होतं, की खेळाडूचा जीव कमी झाला की कळा हिरव्याच्या लाल होतात, बाँब लागला की अख्खा कीबोर्ड धडधडतो. माझा कीबोर्डही 'गेमिंग'च होता, खोक्यावर तसं लिहिलेलं होतं. पण त्याचे दिवे म्हणजे लग्नाच्या मांडवातली माळ. एक बटण दाबलं की सप्तरंग, दुसरं दाबलं की संथ सप्तरंग. संगणकाकडून त्याला 'ही कळ लाल कर' असं सांगायची सोयच नाही. एका दुकानदाराने मला तो 'फुल आरजीबी' म्हणून दिला, आणि मीही न विचारता घेतला. तुम्ही घेणार असाल तर एवढंच विचारा: प्रत्येक कळेचा दिवा सॉफ्टवेअरने वेगळा चालवता येतो का? रेझरचं क्रोमा, स्टीलसीरीजचं गेमसेन्स, कॉर्सेअरचं आयक्यू, लॉजिटेकचं लाइटसिंक ही सगळी त्यासाठीचीच सोय. आणि घरात तीन कंपन्यांची तीन यंत्रं असतील तर ओपनआरजीबी नावाचं फुकट सॉफ्टवेअर आहे, ते सगळ्यांना एकाच दावणीला बांधतं. माझ्या कीबोर्डापुढे मात्र त्यानेही हात टेकले.

मग म्हटलं, कीबोर्ड नाही तर नाही, गेम नेमकं काय सांगते ते तरी बघू. आणि खरी मजा इथेच निघाली.

गेम बनवणाऱ्या वाल्व्ह कंपनीने तिच्यात एक अधिकृत दार ठेवलंय, गेम स्टेट इंटिग्रेशन. गेमच्या सीएफजी फोल्डरमध्ये एक छोटी मजकुराची फाइल टाकायची. नाव 'गेमस्टेट इंटिग्रेशन' ह्या शब्दांनीच सुरू व्हायला हवं, शब्दांच्या मध्ये अंडरस्कोर, पुढे काहीही, शेवट मात्र 'डॉट सीएफजी'. आत लिहायचं, की माझ्या संगणकावरच्या अमुक पत्त्यावर बातम्या पाठव. पत्ता १२७.०.०.१, म्हणजे आपलंच घर, आणि पोर्ट ३०००. कोणत्या बातम्या हव्यात तेही लिहायचं: नकाशा, राउंड, खेळाडू. झालं. त्यानंतर गेममध्ये काही बदललं की गेम त्या पत्त्यावर जेसन ह्या ठरलेल्या साच्यातल्या मजकुरात चिठ्ठी टाकते. जीव किती, चिलखत किती, पैसे किती, डोळे दिपलेत का, अंग पेटलंय का, बाँब लागला की निकामी झाला की फुटला. ह्यात चोरी काही नाही. जे तुम्हाला पडद्यावर दिसतं तेवढंच येतं, सामन्यातला शत्रू कुठे लपलाय ते येत नाही. गेमच्या मेमरीत हात घालणारी सॉफ्टवेअरं वेगळी, त्यांनी खात्यावर बंदी येऊ शकते. इथे गेम स्वतःहून बोलते, आपण फक्त ऐकतो.

माझी पहिली रात्र काही न ऐकताच गेली. फाइल टाकली, पायथन ह्या प्रोग्रामिंग भाषेत चिठ्ठ्या ऐकणारा वीसेक ओळींचा प्रोग्रॅम लिहिला, गेम चालू केली, आणि सगळी सामसूम. दोन तास. शेवटी लक्षात आलं की मी फाइल नोटपॅडमध्ये सेव्ह केली होती आणि तिच्या नावामागे गुपचूप 'डॉट टीएक्सटी' चिकटलं होतं. फाइलींच्या नावांची शेपटं दाखवायचं सेटिंग मी कधी चालूच केलं नव्हतं. आणखी एक गोम म्हणजे, गेमचं नाव २०२३ मध्ये बदललं तरी स्टीममधलं, म्हणजे गेम ज्यातून चालते त्या वाल्व्हच्या सॉफ्टवेअरमधलं, फोल्डर अजून जुन्याच, ग्लोबल ऑफेन्सिव्हच्या नावाने आहे. नव्या नावाचं फोल्डर शोधत बसू नका. आणि चिठ्ठी मिळाली की '२००' अशी पोच द्यायची, नाहीतर गेमला वाटतं चिठ्ठी पोचलीच नाही.

पोच द्यायला लागलो तसा काळ्या खिडकीत मजकूर धो धो वाहायला लागला. जीव १००. जीव ७३. जीव ०. आपलं मरण आकड्यांत वाचायला जरा विचित्र वाटतं.

पहिला दिवा टेबलावर लावला. आर्डुइनो नॅनो हा दिवे चालवणारा छोटा बोर्ड, आणि डब्ल्यूएस२८१२बी जातीची एलईडी पट्टी, अर्धा मीटर, ३० दिवे. सामान जळगावच्या गोलाणी मार्केटमधून. बिलं घेऊन जळगावला जावंच लागतं, त्या फेरीत उरकलं. जीव १०० असला की तीसही दिवे हिरवे, गोळी लागली की एकेक करून विझत जायचे. दोन सामने झकास चालले. तिसऱ्यात समोरच्याने फ्लॅशबँग, म्हणजे डोळे दिपवणारा बाँब, फेकला. मी मोठ्या हौसेने लिहून ठेवलं होतं की डोळे दिपले की अख्खी पट्टी पांढरीशुभ्र. पट्टी पांढरी झाली, आणि नॅनो बंद पडून पुन्हा चालू झाला. गेममध्ये मी आंधळा, टेबलावर नॅनो बेशुद्ध.

हिशोब साधा होता, आधी करायला हवा होता. ह्या पट्टीचा एक दिवा पूर्ण पांढरा पेटला की साधारण ६० मिलिअँपिअर खातो. ३० दिवे म्हणजे १.८ अँपिअर. संगणकाचं साधं यूएसबी देणार ०.५. कोरड्या विहिरीवर पाच एचपीची मोटर लावल्यासारखं झालं. मग पट्टीला वेगळा ५ व्होल्टचा अडॅप्टर दिला, दोघांचं ग्राउंड जोडलं, डेटाच्या तारेत ३३० ओहमचा रेझिस्टर आणि पट्टीच्या तोंडाशी १००० मायक्रोफॅरडचा कपॅसिटर. त्या दिवसापासून नॅनो शुद्धीवर आहे.

पण खरं सांगू? आठवडाभरात मी त्या पट्टीकडे बघणं सोडलं. जीव किती उरला ते पडद्यावर लिहिलेलंच असतं. तेच टेबलावर पुन्हा कशाला? मान वळवून पट्टीकडे बघेपर्यंत समोरचा गोळी घालतो. ज्यांना हौस आहे त्यांनी जरूर करावं, रात्री मित्र आले की छान दिसतं. मला त्याचा उपयोग शून्य झाला. पडद्यावर काय चाललंय हे ज्याला दिसत नाही, दिव्याची गरज त्याला. आणि आमच्या घरात ती व्यक्ती चुलीजवळ बसलेली होती.

म्हणून दिवा खोलीच्या बाहेर गेला. तिथपर्यंत यूएसबीची तार पोचेना, म्हणून नॅनो काढून वायफायवाला नोडएमसीयू बोर्ड घेतला आणि त्यात डब्ल्यूएलईडी नावाचं दिवे चालवायचं तयार सॉफ्टवेअर भरलं. त्याला वायफायवरून 'लाल हो' म्हणून जेसन पाठवला की तो लाल होतो. करंट किती ओढायचा ह्याची मर्यादाही त्यातच घालता येते, म्हणजे बेशुद्धीची भानगड नाही. एक लक्षात ठेवा, ही चिप फक्त २.४ गिगाहर्ट्झचं वायफाय ओळखते, राउटरचं ५ वालं नाव तिला दिसतच नाही. पट्टी गोल गुंडाळून श्रीखंडाच्या पांढऱ्या डब्यात ठेवली. उजेड इतका मऊ पसरतो की विकतचा दिवा झक मारतो. डबा दाराच्या चौकटीला डिंकाच्या टेपने चिकटवला होता, तो मे महिन्यात गळून पडला. आमच्याकडे पारा ४४-४५ ला गेला की डिंक काय, माणूसही चिकटून राहत नाही. आता सुतळीने बांधलाय.

ह्याच गावात वनस्पती तेलाच्या कारखान्यापासून १९४५ मध्ये सुरुवात करून विप्रो पुढे संगणकांपर्यंत गेली. त्या मानाने श्रीखंडाच्या डब्यापासून सुरुवात काही वाईट नाही, असं मी आप्पांना म्हणालो. ते हसले नाहीत.

रंग मायला विचारूनच ठरवले. हिरवा म्हणजे राउंड सुरू व्हायच्या आधीची खरेदीची वेळ, चटकन काय ते बोल. लाल म्हणजे राउंड चालू, हाक नको. लाल लुकलुकतोय म्हणजे बाँब लागलाय, जास्तीत जास्त ४० सेकंदांत ह्या राउंडचा निकाल. पिवळा म्हणजे मी मेलोय, आता कितीही बोल. दिवा बंद म्हणजे गेम बंद. हे शेवटचं सगळ्यात किचकट निघालं, कारण गेम बंद झाली की 'मी बंद झाले' असं सांगायला येत नाही, ती नुसती गप्प होते. म्हणून फाइलमध्ये हार्टबीट ३० सेकंद ठेवला. काही घडो न घडो, गेम तेवढ्या वेळाने हजेरी लावते. ७० सेकंद हजेरी नाही, तर दिवा विझव.

पहिल्या रात्री मी पहिल्याच राउंडला मेलो, खुर्चीत मागे रेलून वाट बघितली. कोणी हाक मारेना. पुढच्या राउंडला मेलो, तरी नाही. पाऊण तासाने बाहेर आलो तर माय ताटावर ताट झाकून बसलेली. "लाल व्हता ना तो, मंग कशी बलावू?"

दिवा खरंच लालच होता. चूक माझी होती. आपण मेलो की गेम आपल्याला जिवंत सोबत्याच्या डोळ्यांतून दाखवते, आणि चिठ्ठीतला 'खेळाडू' तोच सोबती होतो! जीव त्याचा, पैसे त्याचे. माझा दिवा कुण्या अनोळखी पोराच्या जिवावर लाल राहिला होता. उपाय एका ओळीचा. चिठ्ठीत 'प्रोव्हायडर' म्हणून एक भाग असतो, त्यातला स्टीम क्रमांक कायम आपला. 'खेळाडू'चा क्रमांक त्याच्याशी जुळला नाही की समजायचं, आपण गेलो. त्या रात्री भाकरी पुन्हा थंड, पण ह्या वेळी ओरडा खायची पाळी गेमवर आली.

आता चांगलं चाललंय. एकच झालं, मायला खेळ कळायला लागला. एका शनिवारी जेवताना म्हणाली, आज पिवळाच जास्त होता. मागच्या आठवड्यात शेजारच्या काकू बसायला आल्या होत्या, त्यांना ती सांगत होती, "पिवळा व्हयना म्हंजे आमना मरना." काकूंचा चेहरा मी दारातून बघितला.

आप्पांनी आठवडाभर तो डबा नुसता येता-जाता बघितला. मग एकदा शेतावरून आल्यावर म्हणाले, "मन्ही मोटरना बी असा दिवा लाई दे." शेतावर मोबाईल स्टार्टर आहेच, थ्री फेज आली की तो फोन करतो. पाण्याची पाळी रात्रीची असली की दोन वाजता तो फोन खणखणतो आणि अख्खं घर उठून बसतं. त्यांना उशाशी निळा दिवा हवाय. फोनच्या आवाजाऐवजी उजेड, बाकीच्यांची झोप मोडायला नको. म्हटलं, आप्पा, नुसत्या उजेडाने जाग येईल का तुम्हाला?

"रातले मी जपस कोठे?" म्हणाले.

स्टार्टरच्या पेटीला मी हात लावणार नाही, ते वायरमन मित्राचं काम. डब्याचं काम माझं. दुसरा डबा मिळावा म्हणून परवा पुन्हा श्रीखंड आणलं, आज सकाळी मायने तो डबा धुऊन ओट्यावर पालथा घालून ठेवलाय.