४०० मिलिसेकंद

उजवं क्लिक केलं की उघडणाऱ्या मेनूकडे कुणी मुद्दाम बघत नाही. हवं ते निवडायचं, मेनू मिटला, संपलं. मी एकदा बघत बसलो आणि ओळी मोजल्या. एकवीस! आपण एखादं सॉफ्टवेअर घालतो, ते गुपचूप स्वतःची एक ओळ तिथे चिकटवतं, आणि काढून टाकलं तरी ती ओळ कधीकधी पाहुण्याच्या विसरलेल्या छत्रीसारखी तिथेच राहते.

या छत्र्या हलवायच्या तर रजिस्ट्रीत, म्हणजे विंडोज आपल्या सेटिंग्ज जिथे साठवतं त्या कोठारात, शिरावं लागतं. सेटिंग्जची गुळगुळीत खिडकी म्हणजे विंडोजची ओसरी. 'रेजएडिट' लिहून एंटर मारलं की थेट माजघरात. डावीकडे फोल्डरांसारख्या दिसणाऱ्या 'की', एकीच्या पोटात दुसरी, दुसरीच्या पोटात तिसरी. उजवीकडे त्यांच्या व्हॅल्यू, म्हणजे त्यांच्यातल्या नोंदी. सेव्हचं बटण नाही आणि अनडूही नाही. ओके म्हटलं की झालंच. म्हणून ज्या कीला हात लावायचा, ती आधी एक्स्पोर्ट करून, म्हणजे तिची प्रत फाइलमध्ये काढून ठेवायची. (हे शहाणपण मला कसं आलं, ते विचारू नका.)

चार छत्र्या काढल्यावर हात शिवशिवायला लागले. 'डिरेक्टरी'तल्या 'बॅकग्राउंड'मधल्या 'शेल'खाली नवी की केली, तिच्या डीफॉल्ट व्हॅल्यूत देवनागरीत लिहिलं, 'कोरा कागद'. तिच्या आत 'कमांड' नावाची की, आणि तिच्यात नोटपॅडचं नाव. माझ्या विंडोज १०वर डेस्कटॉपच्या मोकळ्या जागेत उजवं क्लिक केलं, तर त्या सगळ्या ओळींत 'कोरा कागद' ऐटीत उभा! नोटपॅड काय, दोन क्लिकमध्ये एरवीही उघडतं. पण ते माझ्या शब्दाला ओ देऊन उघडलं, याचं कौतुक दिवसभर पुरलं. मग त्याच कीमध्ये 'एक्स्टेंडेड' नावाची रिकामी व्हॅल्यू टाकली. आता शिफ्ट दाबून उजवं क्लिक केलं तरच तो दिसतो. दुसऱ्या कुणाला दिसायचं कारणच काय?

याच भरात 'कंट्रोल पॅनल'खालच्या 'डेस्कटॉप' कीमध्ये 'मेनूशोडिले' सापडलं. व्हॅल्यू ४००. म्हणजे बाणवाल्या ओळीवर माउस थांबला की आतला मेनू ४०० मिलिसेकंदांनी उघडायचा. इतकी वर्षं मी दर वेळी जवळजवळ अर्धा सेकंद ताटकळत होतो तर! शून्य केलं, साइन आउट होऊन परत आलो.

मेनू नुसते उसळायला लागले. 'न्यू'वर माउस नेला, आतली यादी फटकन उघडली. तिच्यातल्या खालच्या ओळीकडे तिरका निघालो, तर वाटेतल्या शेजारच्या ओळीला माउसचा धक्का लागला, यादी गायब आणि भलतीच समोर. पुन्हा 'न्यू', पुन्हा तिरकं, पुन्हा तेच. शेवटी माउस आधी सरळ उजवीकडे, मग काटकोनात खाली, असा कवायतीसारखा चालवायला लागलो. मी ज्याला ताटकळणं समजत होतो, ती तिरकं जाणाऱ्याला दिलेली सवड होती.

शंभर करून पाहिलं, अडीचशे करून पाहिलं. दर वेळी साइन आउट, साइन इन. सध्या ३५० आहे. फरक कळतो का म्हणाल, तर नाही कळत. पण ४०० मी ठेवणार नाही.