माझा अनुभव : ओकारिनामधलं वॉटर टेम्पल पार करताना

द लेजंड ऑफ झेल्डा : ओकारिना ऑफ टाइममधलं वॉटर टेम्पल एकदाचं पार झालं आणि मला ते मनापासून आवडलं, हे आधीच सांगून टाकतो, कारण या देवळाबद्दल जिथे बघाल तिथे लोक वैतागलेलेच दिसतात. हा निन्टेंडोचा व्हिडिओ गेम 1998 चा, मी खेळलो निन्टेंडो स्विचवर, म्हणजे ग्राफिक्स आणि कंट्रोल सगळं जुन्या निन्टेंडो 64 या गेमिंग मशीनसारखंच. सोबत धाकटी चुलत बहीण, ती खेळत नव्हती पण वही-पेन घेऊन बसलेली, आणि खरं सांगायचं तर देऊळ त्या वहीमुळेच सुटलं.

ज्यांनी खेळलं नाहीये त्यांच्यासाठी थोडक्यात. हायरुल नावाच्या राज्यात झोरा म्हणून पाण्यातले लोक राहतात, त्यांचं हे देऊळ लेक हायलियाच्या तळाशी आहे. गेमचा खलनायक गॅननडॉर्फ, त्याच्यामुळे झोरांचं गाव गोठलंय, तळं आटलंय, तरी देवळाचं दार पाण्याखालीच. आत जायला लोखंडी बूट लागतात, ते आइस केव्हर्नमध्ये मिळतात, आणि पाण्याखाली श्वास घ्यायला निळा झोरा ट्यूनिक, म्हणजे अंगरखा लागतो. तो गोठलेल्या झोरा राजाला सोडवलं की तोच देतो. हे दोन्ही घेतल्याशिवाय तिकडे फिरकूच नका.

आत गेलात की मधोमध एक उंच मनोरा आणि चारी बाजूंना दारं, मजल्यावर मजले, आणि सगळं पाण्याने काठोकाठ भरलेलं. बूट घालून तळाशी उतरायचं, पूर्वेच्या खोलीत राजकन्या रुटो भेटते, तिच्या मागोमाग वर जायचं. तिथे भिंतीवर ट्रायफोर्सची, म्हणजे तीन सोनेरी त्रिकोणांची खूण आहे, तिच्यासमोर उभं राहून ओकारिनावर (हे बासरीसारखं छोटं वाद्य) झेल्डाज ललबाय ही धून वाजवली की अख्ख्या देवळातलं पाणी खाली जातं. अशा खुणा तीन जागी आहेत, एक पाणी तळाला नेते, एक मध्यावर आणते, एक वरपर्यंत भरते. मला ही गोष्ट फारच भारी वाटली, कारण बाकी गेममधल्या देवळांत आपण नुसत्या चाव्या शोधत आणि राक्षस मारत फिरतो, इथे मात्र देवीच्या खुणेसमोर उभं राहून गाणं म्हटल्याशिवाय पुढे सरकताच येत नाही. देवळात देवळासारखं काहीतरी करावं लागतं.

आता अवघड काय आहे ते सांगतो. एकेक कोडं काही फार कठीण नाही, अवघड हे आहे की पाणी बदललं की इमारतच बदलते. मघाशी जो कट्टा डोक्यावर होता तो आता पायाशी येतो, जे दार पोहून गाठलं ते आता हवेत लटकलेलं असतं. साताऱ्याजवळच्या लिंबची बारामोटेची विहीर ज्यांनी उन्हाळ्यात आणि पावसाळ्यानंतर अशी दोन्ही वेळा पाहिली असेल त्यांना मी काय म्हणतोय ते लगेच कळेल. म्हणून बहिणीने वहीत एकाच मनोऱ्याची तीन चित्रं काढली, तळाचं पाणी, मधलं, वरचं, आणि प्रत्येक दारापुढे लिहिलं की हे कुठल्या पाण्यात उघडं पडतं. जे झालं त्यावर फुली. पाणी बदलायला दरवेळी त्या त्या खुणेपर्यंत परत जावं लागतं, त्यामुळे एका पातळीवरची सगळी कामं उरकल्याशिवाय गाणं वाजवायचंच नाही असा नियमच केला आम्ही.

सगळ्यात जास्त लोक अडकतात ती चावी मधल्या मनोऱ्यात आहे. मनोऱ्यात शिरून वर चढायचं, वरच्या खुणेसमोर वाजवायचं, पाणी मध्यावर येतं. आता इथे बहुतेक जण दाराबाहेर पडतात कारण पाणी आलं म्हणजे इथलं काम झालं असं वाटतं. बाहेर पडू नका, खाली बघा. मनोऱ्याच्या जमिनीवर असलेला ठोकळा पाण्याबरोबर तरंगत वर आलेला असतो आणि त्याच्या जागी भोक दिसतं, बूट घालून त्यात उतरलं की खालच्या खोलीत चावीची पेटी. बहिणीला ते भोक माझ्याआधी दिसलं, "दादा थांब, तो ठोकळा हलला!" म्हणून ओरडलीच ती.

मग डार्क लिंक, म्हणजे आपण ज्याला खेळवतो त्या लिंकचंच काळं रूप. दार उघडतं आणि भिंतीच नाहीत, घोट्याभर पाणी लांबपर्यंत पसरलेलं, मधे एक वाळकं झाड. पलीकडचं दार बंद, परत फिरलो तर झाडापाशी आपल्याच आकाराची काळी सावली उभी. तलवार भोसकली तर हा चक्क पात्यावर उभा राहतो! डिन्स फायर हा आगीचा मंत्र आणि मोठा हातोडा वापरा, तलवारीच्या नादी लागू नका. तो हरला की खोली साधी खोली होते आणि पुढे लाँगशॉट मिळतो, हुकशॉट या साखळीवाल्या आकड्याच्या दुप्पट लांबीचा. शेवटच्या दारापर्यंत पोचायला तोच लागतो. बॉस मॉर्फा त्यामानाने सोपा वाटला, कोपऱ्यात उभं राहून त्याचा लाल गोळा पाण्याबाहेर ओढायचा आणि मारायचं.

बुटांबद्दल लोकांची तक्रार मात्र शंभर टक्के बरोबर आहे. प्रत्येक वेळी गेम पॉझ, इक्विपमेंटचं पान, बूट बदला, परत या, दोन पावलं चाललं की पुन्हा तेच. 2011 च्या थ्रीडीएस (निन्टेंडोचं हातात धरायचं मशीन) आवृत्तीत बूट एका टॅपवर आणलेत, ते उत्तम केलं. पण त्याच आवृत्तीत भिंतींवर खुणांकडे नेणारे रंगीत पट्टेही रंगवलेत, ते मला नाही पटलं, इमारत स्वतः समजून घेण्याची मजाच त्यात जाते. कोजी कोंडोंचं ते संथ संगीत ऐकत ऐकत नकाशा डोक्यात बसणं, हेच तर या देवळाचं खरं सुख आहे.

वेळ कमी असेल तर थ्रीडीएसवाली खेळा, नाहीतर जुनीच घ्या, फक्त वही जवळ ठेवा. आम्ही आता काकारिको गावाकडे निघालोय, शॅडो टेम्पल बाकी आहे, त्यासाठी बहिणीने नवीन पान उघडलंय.