उताऱ्यावरची दोन नावं

"दादा, तीन रात्री मी कौलं रंगवूलालोय. खेळात जुनीच दिसूलाल्यात."

जुलैतली दुपार होती. बेळगावातल्या शहापुरात माझं संगणक दुरुस्तीचं दुकान आहे, त्याच्याबाहेर सकाळपासून झड लागली होती. त्या पावसातून हा मुलगा सीपीयू खताच्या प्लास्टिकच्या पोत्यात गुंडाळून, पोटाशी धरून आला होता. मागून त्याचे वडील आले. त्यांच्या हातात कागदांची पिशवी होती. तहसील कचेरीतलं काम उरकून दोघं परस्पर इकडे वळले होते. काका बाकावर बसले आणि पिशवी आधी मांडीवर घेतली, डोकं मग पुसलं.

संगणक दुरुस्तीला येणाऱ्या तक्रारी ठरलेल्या असतात. चालू होत नाही, तापतो, प्रिंटर कागद ओढत नाही. कौलं बदलत नाहीत ही तक्रार मी पहिल्यांदाच ऐकली.

मुलगा उद्यमबागेत एका फाउंड्रीच्या पॅटर्न विभागात कामाला. ओतकामाच्या साच्यांची ड्रॉइंग करता करता त्रिमितीय मॉडेल बनवायला शिकला. गाव वेंगुर्ला रोडवर, उचगावच्या पुढे. २०१९ च्या ऑगस्टमध्ये बेळगाव जिल्ह्यात हजारो घरं पडली, त्यात यांचं मातीच्या भिंतींचं घरही गेलं. त्या जागी आता स्लॅबचं घर आहे. जुन्या घराचे फोटो म्हणाल तर लग्नातले चार-पाच, आणि त्यांत घर कमी, माणसंच जास्त. मग या मुलाने ते घर 'स्कायरिम स्पेशल एडिशन'मध्ये बांधायला घेतलं. २०१६ चा हा संगणकावरचा खेळ. त्याच्यासोबत क्रिएशन किट नावाचं साधन फुकट मिळतं, त्यात आपली घरं, गावं उभी करता येतात. सोपा, माजघर, परड्यातला तुळशीकट्टा असं सगळं त्याने आठवून आठवून केलं होतं. भोवती त्या खेळातली देवदाराची झाडं, फणस एकही नाही, पण घर यांचंच.

मी मशीन जोडलं. खेळात त्याने एकूण २१२ मॉड घातलेले. म्हणजे लोकांनी आणि आपण मूळ खेळात केलेल्या भरी. त्या सांभाळायला तो नेक्सस मॉड्स या मॉडच्या संकेतस्थळाचं व्होर्टेक्स नावाचं साधन वापरत होता. त्याचं स्वतःचं घरही त्यातलाच एक मॉड.

आधी मला त्याची शंका खरी करून बघायची होती. बर्फाचं रूप बदलणारा एक मॉड व्होर्टेक्समधून बंद केला, डिप्लॉय, म्हणजे बदल खेळात मांडायचं बटण, दाबलं, खेळ उघडला. बर्फ तसाच. मग एका नव्या पात्राचा मॉड बंद केला. पात्र गायब! एकाला सांगितलेलं कळतंय, दुसऱ्याला नाही. अर्धा तास मी त्या पडद्याकडे बघत होतो. व्होर्टेक्स बिघडलंय म्हणावं, तर पात्राचं काम त्याने नीट केलं होतं.

उलगडा झाला तो फोल्डरच्या पत्त्यावरून. व्होर्टेक्सच्या गेम्स पानावर खेळाचं ठिकाण दिसत होतं डी ड्राइव्हवर. खेळ जिथून घेतात आणि उघडतात त्या स्टीममध्ये खेळाच्या गुणधर्मांत जाऊन इन्स्टॉल झालेल्या फाईल्स उघडल्या, तर खिडकी उघडली ई ड्राइव्हची. एकाच मशीनवर दोन स्कायरिम होते. व्होर्टेक्स एकाची व्यवस्था बघत होतं आणि मुलगा खेळत होता दुसरा.

विचारल्यावर कळलं. दोन महिन्यांपूर्वी मशीन रेंगाळत होतं म्हणून त्याने दुसरीकडे नवी एसएसडी, म्हणजे वेगवान डिस्क, बसवून घेतली होती. तिथे स्टीमचं अख्खं फोल्डर डी वरून ई वर कॉपी केलं, स्टीमला नवा पत्ता दिला. व्होर्टेक्सला कोणी काही सांगितलंच नाही. पात्र का गेलं, तेही आता जुळलं. कुठले प्लगइन (मॉडमधली माणसं, घरं खेळात आणणारी फाईल) चालू आणि कुठले बंद, ती यादी खेळाच्या फोल्डरमध्ये नसतेच. ती विंडोजच्या वापरकर्त्याच्या ॲपडेटा फोल्डरमध्ये असते आणि दोन्ही स्कायरिम तीच वाचतात. बर्फाच्या चित्रांना अशी यादी नाही. फाईल जागेवर असली की ती दिसते, आणि ई मध्ये ती होती.

"आणि जुनी डिस्क?" मी विचारलं.

"सगळं नव्यावर आलंय, जुनी फॉरमॅट करून सिनेमे ठेव, असं एसएसडी बसवणारे म्हणाले. रविवारी करणार होतो. कौलांचं राहिलं म्हणून थांबलो."

मी जुन्या डिस्कची तब्येत बघितली. ती तपासणाऱ्या क्रिस्टलडिस्कइन्फोमध्ये पिवळा, म्हणजे धोक्याचा रंग, बाद होऊन दुसरीकडे हलवलेल्या सेक्टरांचा, म्हणजे डिस्कवरच्या कप्प्यांचा, आकडा वाढलेला. मशीन रेंगाळण्याचं मूळ कारण ही डिस्क होती, आणि ती अजून आत बसून फिरत होती.

इतका वेळ गप्प बसलेल्या काकांनी विचारलं, "एकच फाईल दोन ठिकाणी कशी असंल? एक खरी, एक नक्कल असणार की."

याचं नीट उत्तर दिल्याशिवाय मला पुढे हात लावायचा नव्हता, कारण पुढचे सगळे निर्णय त्याच्यावरच उभे होते. व्होर्टेक्स मॉड साठवतं आपल्या स्टेजिंग फोल्डरमध्ये. त्याला मी गोदाम म्हणतो. डिप्लॉय म्हटलं की तिथल्या फाईल्स खेळाच्या डेटा फोल्डरमध्ये दिसू लागतात, पण त्यांची नक्कल झालेली नसते. हार्डलिंक होते. काकांच्या पिशवीकडे बोट दाखवून म्हटलं, "काका, तुमच्या उताऱ्यावर नावं किती?"

"दोन. माझं आन् धाकट्या भावाचं."

"मग जमिनी दोन झाल्या?"

"जमीन एकच की."

तसंच आहे ते. डिस्कवर फाईल एकच, तिला नावं दोन: एक गोदामात, एक खेळात. एक नाव कमी केलं तरी जमीन जात नाही. दुसरंही गेलं तरच जाते. गोदामातल्या नावाने फाईलवर रंग भरला तर तोच रंग खेळातही दिसतो. पण कॉपी केली की नवी जमीन तयार होते, तिचा या उताऱ्याशी संबंध उरत नाही. ई मध्ये नेमकं तेच झालं होतं. मुलगा तीन रात्री डी च्या गोदामातली कौलं रंगवत होता, ती डी च्या खेळात रंगतही होती. पण तो खेळ कोणी उघडत नव्हतं.

"आणि डी चं नाव ई च्या उताऱ्याला चढवता येत नाही," मी म्हटलं. हार्डलिंक एकाच ड्राइव्हच्या आत होते.

काका लगेच म्हणाले, "न्हाईच चढायचं. शिनोळीत आमचं बारा गुंठे आहे. ते चंदगडच्या तलाठ्याकडं. हितल्या दप्तरात त्याला कोण विचारत न्हाई."

१९५६ च्या १ नोव्हेंबरला बेळगाव मुंबई राज्यातून म्हैसूर राज्यात, म्हणजे आताच्या कर्नाटकात गेलं. शिनोळी, चंदगड हद्दीपलीकडे, आताच्या महाराष्ट्रात. तेव्हापासून आमच्याकडच्या कितीतरी घरांना दोन कचेऱ्यांच्या पायऱ्या झिजवाव्या लागल्या आहेत. ड्राइव्हची हद्द काकांना ज्या वेगाने कळली, तितक्या वेगाने ती मला शिकताना कळली नव्हती.

यापुढचं मात्र मलाही धक्का देणारं होतं. घराच्या मॉडच्या फाईल्स मी दोन्हीकडे तारखेनुसार लावून बघितल्या. क्रिएशन किट तो स्टीममधून उघडत होता, म्हणजे ते ई मध्ये चालत होतं. गेल्या दोन महिन्यांत त्याने भिंती सरकवल्या, माजघराचं दार हलवलं, चूल मांडली, ते सगळं प्लगइन फाईलमध्ये, ई वर. कौलं, लाकूड, शेणाने सारवलेली जमीन यांची नवी चित्रं मात्र डी वरच्या गोदामात. घर दोन हद्दींत वाटलं गेलं होतं. रविवारी डी फॉरमॅट झाली असती तर २१२ मॉडचं गोदाम गेलं असतंच, पण दोन महिन्यांचा रंगही गेला असता. आणि व्होर्टेक्सला घाईघाईने नवा पत्ता देऊन डिप्लॉय केलं असतं, तर गोदामातलं जुनं प्लगइन नव्याच्या बोकांडी बसण्याचा धोका होता. बाहेरून बदललेली फाईल दिसली की व्होर्टेक्स कुठली ठेवायची ते विचारतं, पण शेकडो नावांच्या यादीत माणूस एकच बटण सगळ्यांना दाबतो. मी दाबलेलं आहे. काही वर्षांपूर्वी एका कॉलेजच्या मुलाचं वर्षभराचं काम माझ्या हातून असंच पुसलं गेलं. ते मी विसरलेलो नाही. म्हणून आता पत्ता बदलण्याआधी मी कागदावर क्रम लिहून काढतो.

पहिलं काम घराच्या फाईल्स बाहेर काढणं. माझ्या पोर्टेबल डिस्कवर दोन फोल्डर केले आणि दोन्हीकडचं आपापल्या तारखांसह घेतलं. उंबऱ्याच्या लाकडाच्या चित्रावर जुनी डिस्क अडकली. दोनदा टिकटिक झाली, कॉपी किती झाली ते दाखवणारी पट्टी हलेना. मुलाने टेबलाची कड घट्ट धरली होती. मग पट्टी सरकली. त्यानंतर उरलेलं गोदाम विंडोजच्या रोबोकॉपी या कॉपीच्या साधनाने घेतलं, त्याला तासाभराहून जास्त लागला. त्या वेळात समोरून चहा आला.

दुसरं, व्होर्टेक्सला अजून जुनाच पत्ता माहीत असताना पर्ज. पर्ज म्हणजे मॉड काढून टाकणं असं समजून लोक घाबरतात. तसं नाही. खेळातली नावं कमी होतात, गोदाम शाबूत राहतं. पत्ता बदलून झाल्यावर जुन्या जागेची आवराआवर कठीण होते, म्हणून हे आधी.

तिसऱ्या कामात माझा सगळ्यात जास्त वेळ गेला. ई मधल्या खेळात कॉपी झालेल्या हजारो मॉडफाईल्स पडून होत्या आणि पर्ज त्यांना शिवत नाही, कारण व्होर्टेक्सच्या लेखी ती जागाच नाही. स्टीमची फाईल तपासणीही त्या काढत नाही. ती फक्त मूळ खेळातलं कमी-जास्त दुरुस्त करते. खेळ नव्याने उतरवला असता तर आवृत्ती बदलून स्क्रिप्ट एक्स्टेंडर, म्हणजे काही मॉडना लागणारं जोडसाधन, बंद पडायची भीती. पण व्होर्टेक्स डिप्लॉय करताना डेटा फोल्डरमध्ये 'व्होर्टेक्स डॉट डिप्लॉयमेंट डॉट जेसन' नावाची यादी ठेवतं. आपण कुठली फाईल कुठल्या मॉडमधून मांडली ते त्यात ओळीने असतं. कॉपीबरोबर ती यादीही ई मध्ये आली होती. विंडोजच्या पॉवरशेलमध्ये छोटी स्क्रिप्ट, म्हणजे आज्ञांची यादी, लिहून त्या यादीतल्या तेवढ्याच फाईल्स ई मधून उचलल्या आणि शेवटी यादीही काढली. मूळ खेळ तेवढा उरला.

मग पत्ता. गेम्स पानावर स्कायरिमच्या चौकोनातल्या मेनूमधून ठिकाण हाताने ठरवायचं. इथे डेटा फोल्डर दाखवायचं नाही. ज्या फोल्डरमध्ये खेळाची ईएक्सई फाईल आहे ते दाखवायचं. यात बरेचजण चुकतात. सेटिंग्जमधून गोदामही ई वर हलवलं, कारण गोदाम आणि खेळ एका हद्दीत नसतील तर हार्डलिंक होणारच नाही. (मॉड ऑर्गनायझर २ हे दुसरं साधन वापरणाऱ्यांना हा त्रास नाही. ते फाईल्स खेळात मांडतच नाही, चालू असेपर्यंत मांडल्याचा आभास करतं. तिथे खेळाचा आणि जोडलेल्या साधनांचा पत्ता बदलला की झालं.)

डिप्लॉय करण्याआधी ई मधून वाचवलेलं नवं प्लगइन गोदामातल्या घराच्या मॉडमध्ये ठेवलं. भिंती आणि कौलं एका उताऱ्यावर आली. मग डिप्लॉय. स्क्रिप्ट एक्स्टेंडर आणि प्लगइन तपासायचं एसएसईएडिट यांचे पत्ते व्होर्टेक्सच्या डॅशबोर्डवर वेगळे असतात, तेही बदलले. खेळाचा मूळ लाँचर एकदा उघडून बंद केला, म्हणजे विंडोजच्या नोंदवहीत, रजिस्ट्रीतही नवं ठिकाण नोंदलं जातं. जुनी डिस्क सोडवून त्याच्या हातात दिली आणि महिनाभर फॉरमॅट करू नकोस म्हणून बजावलं. सेव्ह केलेले खेळ डॉक्युमेंट्समध्ये असतात. त्यांना काही झालं नव्हतं.

साडेसात वाजले होते. बाहेर झड होतीच. मुलाने खेळ उघडला, जुना सेव्ह निवडला. झाडांतून पायवाट वळली आणि घर आलं. नळीची कौलं पावसाने काळवंडलेली, मधेच एखादं नवं, लाल. सोप्याचा खांब. परड्यातला तुळशीकट्टा.

काका उठून माझ्या खुर्चीमागे आले. पिशवी हातातच होती. बराच वेळ ते काही बोलले नाहीत. मुलगा सोप्यावर चढला, दारातून आत गेला, परत बाहेर आला.

"थांब," काका म्हणाले. "सोप्याला तीन पायऱ्या होत्या. तू दोनच घातलायस."

"तीन?"

"खालची जमिनीत गेली होती. पावसाळ्यात दिसायची न्हाई. आजी तिच्यावर पाय धुवायची."

मुलाने माझ्याकडे कागद मागितला आणि पायऱ्या कुठून कुठपर्यंत होत्या ते वडिलांना काढून दाखवायला सांगितलं.