रावेरची केळी आणि होर्मुझची वाट

रावेर-सावद्याची केळी न्हावाशेवाहून दुबईला निघाली की वाटेत होर्मुझची सामुद्रधुनी लागते. सर्वात अरुंद जागी रुंदी जेमतेम २१ सागरी मैल. किनारी समुद्र, म्हणजे किनाऱ्यालगतचा देशाच्या हद्दीतला समुद्र, किती रुंद असावा, हे संयुक्त राष्ट्रांच्या १९५८ आणि १९६० च्या सागरी कायदा परिषदांत ठरलंच नाही. १९८२ च्या सागरी कायदा करारात १२ सागरी मैलांची मर्यादा आली. म्हणजे इथे इराण-ओमानच्या हद्दी भिडतात, मोकळं पाणी उरतच नाही. म्हणून त्याच करारात जहाजांना पारगमनाचा, म्हणजे अशा सामुद्रधुनीतून आरपार जाण्याचा, कुणाला अडवता न येणारा हक्क घातला. इराणने सही केली, मंजुरी दिली नाही. अमेरिकेने तर सहीही केलेली नाही, तरी ती हा हक्क सांगते: ही रूढी आहे, सर्वांना लागू! गोम इथेच. देशांनी सातत्याने आणि बंधन समजून पाळलेला व्यवहार रूढी ठरतो. सुरुवातीपासून आक्षेप घेणारा देश मात्र तिच्यातून सुटू शकतो. इराणने आपला आक्षेप १९८२ मध्ये, सही करतानाच नोंदवून ठेवलाय.